अण्णांना गाडीत कुणी बसवलं?

शिरूर आणि दौंड ही काही कुणी फिरायला जायची गावं नाहीत. नगरहून पुण्याला जाताना शिरूर मागे पडतं, आणि दौंडला लोक गाडी बदलण्यापुरते उतरतात. मी मात्र मुद्दाम गेले, ऐन थंडीत, वडिलांना शेजारच्या सीटवर बसवून. आणि सगळ्या वाटेने मनात एकच चाललं होतं, अण्णा सांगतायत ते खरं असेल का?

अण्णा मनमाडला रेल्वेच्या पार्सल ऑफिसात होते. आई गेल्यावर आमच्याकडे नाशिकला आले. माझं आणि संजयचं, म्हणजे माझ्या नवऱ्याचं, औषधांचं दुकान आहे. गेल्या पावसाळ्यात अण्णांचं हर्नियाचं ऑपरेशन झालं. भूल उतरताना ते काहीतरी बडबडायला लागले. मराठी नव्हे, हिंदीही नव्हे. वॉर्डातली नर्स सुरतची होती. ती म्हणाली, "काका बेन बेन म्हणत बहिणीला हाका मारतायत. मला घेऊन जा म्हणतायत. गुजरातीसारखंच आहे, पण गुजराती नाही."

अण्णांना बहीण नव्हती. निदान आम्हाला तरी तसंच माहीत होतं.

घरी आल्यावर मी पिच्छा पुरवला. आठवडाभर "मला काही आठवत नाही" एवढंच उत्तर. मग एकदा लसूण सोलता सोलता, माझ्याकडे न बघता, ते म्हणाले, "मी माझ्या आईबापांचा पोटचा नाही. त्यांना मनमाडला गाडीत सापडलो. आम्ही पारधी होतो." आणि उठून टीव्ही लावला.

पारधी म्हणजे मूळचे शिकारी, फासे लावून तितर-ससे धरणारे. इंग्रजांनी अख्ख्या जमातीवर चोरीचा शिक्का मारला, तो कायद्याने पुसला गेला तरी लोकांच्या डोक्यातून गेला नाही. आमच्या घरातूनही गेला नव्हता. आळीत कुठे घरफोडी झाली की आई म्हणायची, "पारधी असतील." अण्णांच्या समोर म्हणायची. अण्णा पेपर वाचत बसलेले असायचे.

आणखी खोदल्यावर एवढंच निघालं की नदी होती, आगगाडी होती, आणि घरात दौंड आणि शिरूर ही दोन नावं सारखी घेतली जायची. संजयने सगळं ऐकून घेतलं आणि पहिला प्रश्न विचारला, "म्हणजे ईशूला जातीचा दाखला मिळेल का गं?" ईशू आमची मुलगी, बारावीला आहे, तिला डॉक्टर व्हायचंय. मी त्याच्याकडे बघतच राहिले. पण प्रश्न माझ्याही डोक्यात येऊन गेला होता, हे इथे लिहिलेलं बरं.

शिरूर

जुनी माणसं या गावाला अजून घोडनदीच म्हणतात. आम्ही पोचलो तेव्हा दुपार झाली होती. रांजणगावच्या कारखान्यांकडे जाणाऱ्या ट्रकांमुळे रस्ता ओलांडायलाच वेळ लागला. स्टँडजवळच्या हॉटेलात मिसळ मागवली. आमच्याकडे मिसळीबरोबर पापड येतो, इथे पावाऐवजी ब्रेडच्या स्लाइस आल्या. अण्णांनी त्या बाजूला सारल्या आणि नुसता रस्सा प्यायले.

आम्हाला प्रकाश नावाचे एक गृहस्थ भेटणार होते. शिरूरमधल्या एका ओळखीच्या दुकानदाराने त्यांचा नंबर दिला होता, पारधी वस्तीची कामं करतात म्हणून. पस्तिशीतला माणूस, इस्त्रीचा पांढरा शर्ट. आत येताच ते अण्णांच्या पाया पडले.

"बघितलं की वळखलं! आमच्या आज्याचं नाक हाय की हे. आज्याचा धाकटा पोरगा लहानपनी हरवला व्हता. बाळू. काका, तुम्हीच ते."

"माझं नाव बाळू नव्हतं," अण्णा म्हणाले.

"लहानपनी सगळ्यांनाच बाळू म्हनत्यात, काका."

अण्णांनी त्यांचं खरं नाव मलाही अजून सांगितलेलं नव्हतं. मी प्रकाशना विचारलं, तुमच्या आजोबांचा मुलगा कधी हरवला, कसा हरवला? दर वेळी उत्तर थोडं बदलायचं. आधी बाजारात हरवला होता, नंतर जत्रेत. एका चहात ते अण्णांचे पुतणे झाले आणि मी त्यांची ताई झाले. इतक्या पटकन कुणी आपलं म्हणायला लागलं की मला पाकीट चाचपावंसं वाटतं. मी चाचपलं.

वस्ती नदीच्या बाजूला होती. अर्धी घरं विटांची, अर्धी पत्र्याची. आमची गाडी थांबली तशा दोन बायका घरात गेल्या आणि दारं लागली. एकीने बाहेर डोकावून विचारलं, "सर्वे हाय का?" मी मोबाइल काढला तर म्हणाली, "फोटू नगं." मी मोबाइल पर्समध्ये टाकला, तरी ती पर्सकडेच बघत राहिली.

प्रकाशनी खाट टाकली. कोऱ्या चहात आलं इतकं होतं की घसा जळला. मग ते मुद्द्यावर आले.

"ताई, तुमचं कोन शिकतंय सध्या?"

"मुलगी. बारावीला आहे."

"मग बरोबर हाय." ते खूश झाले. "दाखल्याला रक्ताच्या नात्यातला मानूस लागतो. सही करनारा, पुढं चौकशीला हुभा ऱ्हानारा. आम्ही हाय की! तुम्ही आमच्याकडं बघा, आम्ही तुमच्याकडं बघतो. काकांचं नातं तर हायच."

आता पाया पडण्याचा अर्थ लागला. मी नाही म्हणायला हवं होतं, आणि मी लगेच म्हणाले नाही. अण्णांनी माझ्याकडे बघितलं. त्यांच्या नजरेत राग नव्हता, ते नुसते तपासून बघत होते. त्यांनाही माझा संशय आहे, हे मला त्या खाटेवर बसून कळलं.

तेवढ्यात भिंतीशी बसलेली म्हातारी बोलली. ती मघापासून वाळलेल्या मिरच्यांची देठं खुडत होती. प्रकाशची आत्या, सोनाबाई.

"ह्यो आमचा न्हाई."

"आत्ये, तू गप बस. तुला आठवत न्हाई."

"मला आठवतंय. बाळू हरवला न्हाई. बाळू ह्याच नदीत बुडाला. काढला तवा म्या हुती तितं." तिने हातातली मिरची खाली ठेवली. "माझा भाऊ मेलाय. त्याच्या जागी दुसरा कुनी बसवू नगंस."

प्रकाशनी मान खाली घातली आणि नदीकडे तोंड करून फोन लावल्यासारखं केलं. सोनाबाईने अण्णांना त्यांच्या बोलीत काहीतरी विचारलं. अण्णांनी मान हलवली, कळत नाही म्हणून. तिला ते पटलं नसावं. मग ती माझ्याकडे वळली.

"दौंडला लाखी हाय. लाइनीच्या पल्याड वस्ती हाय, तितं. तिच्या भावाचं काय झालं, ती कुनाला सांगत न्हाई. तिला इचारा. माझं नाव घिऊ नगा."

पाटसच्या वाटेवर

दुसऱ्या दिवशी न्हावऱ्याच्या पुढे गाडी पंक्चर झाली. उसाच्या ट्रॉल्या एकामागून एक चालल्या होत्या. एका ट्रॉलीवरच्या टेपवर इतकं मोठ्याने गाणं लागलं होतं की पंक्चरवाल्याला मी काय म्हणते ते कळेना. चाक काढता काढता त्याने विचारलं, कुठे निघालात? मी दौंडची पारधी वस्ती म्हणाले, तसा त्याचा हात थांबला.

"तितं कशाला, म्याडम? आन् जानारच असाल तर गाडीत काय ठेवू नका."

मी नकळत मागच्या दाराचं लॉक बघितलं. अण्णा रस्त्याकडेला उभे राहून एक उसाचं कांडं सोलत होते. मी लॉक बघितलं ते त्यांनी पाहिलं. पाटस येईपर्यंत कारखान्याच्या मळीचा आंबूस वास गाडीत भरला होता आणि काच वर करायचं कुणाला सुचलं नाही.

दौंड

दौंडची वस्ती शिरूरपेक्षा मोठी आहे. घरकुलाची पक्की घरं, पुढे शेळ्या, मागे रुळ. मालगाडी गेली की भांडी वाजतात आणि कुणी मान वर करत नाही.

लाखीबाई दारात बसली होती. ऐंशीच्या आसपासची, पण पाठ ताठ. शेजारी तिचा मुलगा रमेश उभा होता. तो कुरकुंभच्या एमआयडीसीत कंत्राटावर आहे आणि त्या दिवशी रात्रपाळी करून आलेला होता. मी नमस्कार केला. म्हणाले, "आम्ही नाशिकहून आलोय. जुन्या माणसांबद्दल थोडं विचारायचं होतं."

"मला भाऊ न्हवता," लाखीबाई म्हणाली.

मी भाऊ हा शब्द उच्चारलाही नव्हता. सोनाबाईने फोन केला असेल? की प्रकाशने? की आणखी काही? मी अण्णांकडे बघितलं. ते तिच्याकडे बघत नव्हते. घराच्या बाजूला काटेरी झुडपांवर एक ओलं लुगडं पसरलेलं होतं, अगदी जमिनीलगत, तिकडे त्यांची नजर होती.

दोरी रिकामी होती, म्हणून मी रमेशला विचारलं, हे दोरीवर का नाही घालत? तो म्हणाला, "आमच्यात बाईमानसाचं लुगडं गड्याच्या डोक्यावरनं जाऊ देत न्हाईत. खालनं कुनी गेलं तर इटाळ हुतो."

नाशिकला आमच्या गॅलरीत माझ्या साड्या वाळत असल्या की अण्णा कधी त्यांच्याखालून जात नाहीत. स्वयंपाकघरातून वळसा घालून जातात. मनमाडच्या चाळीतही तसंच करायचे. आई त्याला त्यांचा तिरसटपणा म्हणायची. इथवर मी अण्णांच्या बोलण्यावर निम्मा विश्वास ठेवून आले होते. आता समोरची बाई खोटं बोलतेय, याची खात्री पटली.

रमेशला वेगळीच शंका होती. "आता कशाला आला तुम्ही? इतक्या वर्सांनी? जिमिनीचं कळलं का कुठनं?" लाखीबाईच्या नावावर गायरानातला एक तुकडा झालेला होता, त्यासाठी तिने अर्धं आयुष्य कचेऱ्यांच्या पायऱ्यांवर काढलं होतं. "हिस्सा मागायचा आसंल तर तसं सांगा. नातंबितं लावू नका."

"मला काही नको," अण्णा म्हणाले.

"सगळे असंच म्हनत्यात."

पाणीसुद्धा न पिता आम्ही उठलो. गाडीकडे येताना लाखीबाई मागून त्यांच्या बोलीत एक वाक्य बोलली. छोटंसंच, कठोर आवाजात. मी अण्णांना विचारलं, काय म्हणाली? ते म्हणाले, "मला कुठे कळतं आता?"

स्टेशनजवळ लॉजवर उतरलो. सकाळी जाग आली तेव्हा अण्णांची खाट रिकामी होती. फोन उशाशीच पडलेला. खालच्या माणसाने सांगितलं, बाबा उजाडताच स्टेशनकडे गेले. ते काय विचार करून गेले असतील, या भीतीने मी चपला हातात घेऊन पळाले.

फलाटाच्या अगदी टोकाला, जिथे शेड संपते, तिथे अण्णा उभे होते. समोर लाखीबाई. म्हणजे आदल्या दिवशीचं वाक्य त्यांना कळलं होतं. जिथे गाडीत बसवलं तिथे उजाडताच ये, असं ती म्हणाली होती. अण्णा माझ्याशी खोटं बोलले होते.

मी पोचले तेव्हा ती मला बघून मराठीवर आली, जणू मलाही साक्षीला धरायचं होतं.

"नाव सांग तुझं."

"भुऱ्या," अण्णा म्हणाले.

"ते कुनीबी सांगंल. शिरूरची सोनी बी सांगंल. गाडीत बसवताना काय म्हनलं व्हतं म्या? तितं तिसरं कुनी न्हवतं."

अण्णा रुळांकडे बघत होते. "रडू नको म्हणालीस. कुणी विचारलं तर आपण कोण ते सांगू नको म्हणालीस. मी मागनं येते म्हणालीस."

"आन्?"

"आणि तू आली नाहीस."

लाखीबाई मटकन खाली बसली. मग तिने सगळं सांगितलं, आणि सांगताना ती अण्णांकडे न बघता माझ्याकडे बघत होती. कुठल्याशा गावात दरोडा पडला होता. रात्रीत वस्तीवरची मोठी माणसं धरून नेली, त्यात या दोघांची आईही होती. पोरांनाही नेणार, अशी आवई उठली. लाखी तेव्हा बारा-तेरा वर्षांची. तिने भावाला उचललं आणि मनमाडच्या गाडीत बसवलं. कोपरगावला मावशी स्टेशनलगतच राहायची, तिथे उतर म्हणून सांगितलं. स्वतः धाकट्या तान्ह्या बहिणीला आणायला परत गेली.

"दुसऱ्या दिशी आले म्या. मला गाडीत चढू दिलं न्हाई. चालत गेले कोपरगावाला, नगरच्या पुढनं, लाइन धरून. मावशी म्हनली, पोरगं आलंच न्हाई."

"मला झोप लागली होती," अण्णा म्हणाले. "मनमाडला उठवलं."

"झोप लागली!" ती म्हणाली, आणि अण्णांच्या पोटरीवर एक चापट मारली. "म्या आईला सांगितलं पोरगं मेलं. ती गेली तवर तेच सांगितलं."

काल ती 'भाऊ नव्हता' का म्हणाली, ते मला तेव्हा समजलं. इतकी वर्षं मेलेला भाऊ एका मोटारीतून उतरला, तर आधी मनात येईल ते हेच, की हा जाब विचारायला आलाय.

दुपारी तिच्या घरी जेवण होतं. भीमेची चिलापी, लाल तिखटात तळलेली, आणि बाजरीची भाकरी. आमच्याकडे मासा सणासुदीला, पापलेट वगैरे. या नदीच्या माशाला काटे फार, पण चव अशी की मी लाजलज्जा सोडून मागून घेतला. पण ते नंतर; पानं वाढायच्या आधी अण्णा अंगणात हात धूत होते तेवढ्यात मोटरसायकलवरून दोन पोलीस आले. शेजारच्या शिवारातून विहिरीवरची मोटार चोरीला गेली होती. अंगण एका क्षणात रिकामं झालं. रमेश भिंतीला टेकून उभा राहिला, दोन्ही हात दिसतील असे पुढे धरून. हे त्याला कुणी शिकवलं, हे मी विचारलं नाही.

मोठ्या पोलिसाने आमची गाडी पाहिली, अण्णांचा स्वेटर पाहिला. "नमस्कार काका. तुम्ही इकडे कसे? संस्थेचे का?"

अण्णांनी हो म्हटलं असतं तर तिथेच संपलं असतं. मी तर मनातल्या मनात हो म्हणतच होते.

"नाही," अण्णा म्हणाले. "ही माझी बहीण. सख्खी."

"म्हणजे तुम्ही..."

"पारधी."

पोलिसाने पुन्हा एकदा स्वेटरकडे पाहिलं. मग म्हणाला, "गाडी कुणाची हाय? कागद दाखव."

तुम्ही गेलं आणि तू आलं. बाकी काहीच झालं नाही. मी कागद दाखवले. त्याने ते दोनदा उलटेपालटे केले, डिकी उघडायला लावली, त्यात आमची बॅग आणि पंक्चर झालेलं चाक बघितलं आणि ते दोघं पुढच्या घराकडे गेले.

लाखीआत्या अण्णांवर उखडली. "कशाला सांगितलंस? सांगू नगं म्हनलं व्हतं ना? इतकी वरसं नीट ऱ्हायलास की!"

"कंटाळा आला, बेन," अण्णा म्हणाले.

त्या घरात ते कालपासून पहिल्यांदा एवढं सहज बोलले होते. ती आत जाऊन ताट वाढायला लागली. रमेश भिंतीपासून हलला. अण्णांच्या शेजारी येऊन बसला आणि घुटमळत म्हणाला, "मामा, राग धरू नगा. पन जिमिनीत तुमचा खरंच काय इचार न्हाई ना?"

आत्याने आतून झारा फेकला. तो कुणालाच लागला नाही. अण्णा इतके हसले की घास अडकला. पाणी पिऊन म्हणाले, "नाही रे बाबा. मला फक्त ह्या माशातले काटे काढून दे. दिसत नाहीत." रमेश काटे काढत बसला. पण चेहऱ्यावरून वाटत होतं, त्याचं अजून पूर्ण समाधान झालेलं नाही.

अण्णा माझ्याबरोबर परत आले नाहीत. थोडे दिवस राहतो म्हणाले. निघताना मी शेवटी दाखल्याचं विचारलंच. विचारल्याशिवाय मला झोप लागली नसती. ते चिडले नाहीत.

"हक्काचं असेल तर काढा. पण आधी ईशूला इथं घेऊन ये. चार दिवस राहू दे, पाणी भरू दे, आत्याच्या हातचं खाऊ दे. मग ती स्वतः सांगेल, मी यांच्यातली आहे म्हणून. नाही सांगितलं तर नको."

घरी आल्यावर मी ईशूला सगळं सांगितलं, लुगड्याचं आणि पोलिसाचंसुद्धा. तिने परीक्षेनंतर जायचं कबूल केलंय. संजय ऐकत होता. त्याने टीव्हीचा आवाज कमी केला, काहीतरी विचारायला तोंड उघडलं, आणि मग, अण्णा घरी नव्हते तरी, गॅलरीत जाऊन माझ्या वाळत घातलेल्या साड्या काढून आणल्या.